धुराचं विसण

थंडीच्या दिवसांत सकाळी आंघोळीला बसताना तुम्ही काय करता? बंबातलं कढत पाणी बादलीत घेता, बोट बुडवून बघता, आणि चटका बसला की मोरीतूनच ओरडता, "आई, विसण घाल गं!" मग आई तांब्याभर गार पाणी बादलीत ओतते. पाणी सोसेल इतकं होतं आणि तुमची आंघोळ सुरू होते.

आता मी जर म्हटलं, की मोटारीच्या इंजिनालासुद्धा विसण लागतं आणि तेही पाण्याचं नव्हे, तर चक्क धुराचं, तर तुम्ही म्हणाल, "बाई, काहीतरीच काय!" खरं सांगू? मलासुद्धा आधी तसंच वाटलं होतं. पण गेल्या हिवाळ्यात मी एक अख्खा रविवार एका गॅरेजमध्ये लाकडी स्टुलावर बसून काढला आणि हे धुराचं विसण डोळ्यांनी पाहिलं. त्याचीच ही हकिगत.

सहल घाटातच अडकली

त्याचं असं झालं. आमच्या वर्गातल्या दहा मुलांना घेऊन मी शाळेच्या व्हॅनमधून वाईहून पाचगणीला निघाले होते. टेबल लँडवर जायचं, जांभ्या दगडाचं ते भलंमोठं पठार बघायचं, डबे खायचे आणि संध्याकाळपर्यंत परत यायचं, असा बेत होता. वाई सोडली की लगेच पसरणीचा घाट लागतो. मुलांच्या भेंड्या रंगात आल्या होत्या.

पहिल्या दोन वळणांनंतर गाडी जड चालू लागली. व्हॅनवाले काका पाय दाबत होते, पण गाडी काही जोर धरेना. मागे वळून पाहते तो काय, काळ्या धुराचा लोटच्या लोट! काकांच्या समोरच्या काचेखाली इंजिनाच्या आकाराचा एक पिवळा दिवा लागला होता. पुढच्या वळणावर गाडी धडधडली, थरथरली आणि बंद पडली.

काकांनी हँडब्रेक ओढला, चाकांमागे दगड लावले. आम्ही सगळे उतरून कठड्याच्या आतल्या बाजूला उभे राहिलो. आमच्या वर्गात दम्याचा त्रास असलेली एक मुलगी आहे. दप्तरात तिचा पंप नेहमी असतो. तिने ओढणी नाकाला लावली आणि ती धुरापासून लांब जाऊन उभी राहिली. काकांनी ते पाहिलं. ते काही बोलले नाहीत, पण त्यांचा चेहरा उतरला.

थोड्या वेळाने गाडी पुन्हा सुरू झाली. पण तशा गाडीतून मुलांना घाट चढवायची माझी तयारी नव्हती. आम्ही हळूहळू माघारी आलो. टेबल लँडऐवजी शाळेच्या व्हरांड्यात बसून डबे खाल्ले. मुलांची तोंडं एवढीएवढीशी झाली होती.

त्याच संध्याकाळी रस्त्यावरच्या एका कारागिराने काकांना सांगितलं, "ईजीआर खराब झालाय. त्याच्या तोंडावर पत्र्याची प्लेट मारून देतो. अर्ध्या तासाचं काम. गाडी घोड्यासारखी पळंल!" काकांना मोह झाला. का होणार नाही? रोज सकाळी चाळीस-पन्नास मुलांच्या दोन फेऱ्या. व्हॅन एक दिवस उभी राहिली, की त्या दिवसाची कमाई बुडते आणि पालकांचे फोन सुरू होतात. पण काकांनी एवढंच केलं, की आपल्या नेहमीच्या मिस्त्रींना विचारल्याशिवाय गाडीला हात लावू द्यायचा नाही असं ठरवलं. रविवारी ते गॅरेजला निघाले, तेव्हा मीही म्हटलं, "काका, मी येऊ का? सोमवारी मुलं मला विचारणार, की गाडीला काय झालं होतं. मला उत्तर द्यायला हवं ना!"

हा ईजीआर म्हणजे कोण?

मिस्त्रींचं गॅरेज महामार्गाजवळ आहे. मदतीला त्यांची मुलगी असते. ती आयटीआयमध्ये मेकॅनिक मोटर व्हेईकलचा दोन वर्षांचा कोर्स करते आहे. तिने मला आधी कागदावर चित्र काढून सगळं समजावलं. मी शिक्षिका, पण त्या दिवशी मात्र ती माझी बाई झाली होती!

आपल्या भोवतीच्या हवेत सुमारे ७८ टक्के नायट्रोजन आणि २१ टक्के ऑक्सिजन असतो, हे तुम्ही विज्ञानाच्या पुस्तकात शिकलाच आहात. नायट्रोजन तसा अगदी शांत, कुणाच्या अध्यात ना मध्यात. आपण श्वासाबरोबर तो आत घेतो आणि जसाच्या तसा बाहेर सोडतो. पण हाच शांत नायट्रोजन खूप तापवला तर?

डिझेल इंजिनात हवा इतकी जोरात दाबली जाते, की ती लालबुंद निखाऱ्यासारखी तापते. त्या तापलेल्या हवेत डिझेलचा बारीक फवारा उडतो आणि ठिणगीशिवायच पेट घेतो. त्या ज्वाळेचं तापमान काही ठिकाणी २००० अंश सेल्सिअसच्याही वर जातं. साधारण १५०० अंशांच्या पुढे गेलं, की नायट्रोजनचा शांतपणा संपतो. तो ऑक्सिजनशी जोडी जमवतो आणि नायट्रोजनची ऑक्साईडं तयार होतात. ही ऑक्साईडं मोठी खट्याळ, बरं का! ती फुप्फुसांना झोंबतात, दमेकऱ्यांना त्रास देतात, पावसात मिसळून आम्लवर्षा करतात.

मग यावर उपाय काय? आच जरा कमी करायची. म्हणजेच विसण घालायचं! पण जळत्या इंजिनात पाणी कसं ओतणार? इंजिनीअरांनी युक्ती केली. सायलेन्सरकडे निघालेल्या धुरातला थोडा हिस्सा एका नळीने परत फिरवला आणि ताज्या हवेबरोबर पुन्हा इंजिनात सोडला. हा धूर एकदा जळून गेलेला असतो. त्यात ऑक्सिजन कमी, कार्बन डायऑक्साईड आणि पाण्याची वाफ जास्त. तो स्वतः जळत नाही, उलट भोवतालची उष्णता शोषून घेतो. झालं! ज्वाळेची आच उतरते आणि नायट्रोजन पुन्हा शहाण्यासारखा गप्प बसतो.

तुम्ही म्हणाल, "पण धूर तर गरम असतो. गरम धुराचं विसण कसं होईल?" शाब्बास! मीही हाच प्रश्न विचारला होता. उत्तर असं, की २००० अंशांच्या ज्वाळेपुढे काहीशे अंशांचा धूर गारच म्हणायचा. शिवाय पुष्कळ डिझेल गाड्यांत हा धूर वाटेत एका छोट्या कूलरमधून जातो. त्या कूलरभोवती इंजिनाचं पाणी खेळत असतं.

ह्या परतीच्या वाटेवर एक दार असतं. किती धूर आत सोडायचा ते हे दार ठरवतं. त्याचंच नाव ईजीआर व्हॉल्व्ह, म्हणजे एक्झॉस्ट गॅस रिसर्क्युलेशन व्हॉल्व्ह. आपण त्याला धूरझडप म्हणू या. गाडी सपाट रस्त्यावर निवांत चालली असली, की झडप उघडते. घाट चढायचा असला, जोर हवा असला, की झडप बंद होते, कारण त्या वेळी इंजिनाला भरपूर ताजी हवा लागते. कधी उघडायचं, किती उघडायचं, हे गाडीतला छोटा संगणक सांगतो.

आता तुमच्या लक्षात आलं ना, घाटात काय झालं असेल ते?

अननसवाल्या शास्त्रज्ञाची गोष्ट

पण त्याआधी एक गोष्ट ऐका. ही नायट्रोजन ऑक्साईडं वाईट, हे कळलं कसं?

जुलै १९४३. दुसरं महायुद्ध चालू होतं. अमेरिकेतल्या लॉस एंजेलिस शहरावर एके दिवशी इतकं दाट धुरकं पसरलं, की लोकांचे डोळे चुरचुरू लागले, घसे दुखू लागले. काहींना तर वाटलं, शत्रूने विषारी वायूचा हल्ला केला! पण शत्रू कुठेच नव्हता. पुढे असं धुरकं वरचेवर येऊ लागलं. पिकांची पानं खराब होऊ लागली. हे येतं कुठून, ते कुणालाच कळेना.

त्या भागात आरी हागेन-स्मिट नावाचे मूळचे हॉलंडचे एक शास्त्रज्ञ होते. कॅलिफोर्निया इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीमध्ये ते अननसाचा स्वाद कशामुळे येतो याचा अभ्यास करत होते. वासाचे बारीकसारीक घटक पकडण्यात ते तरबेज. त्यांनी अननस बाजूला ठेवले आणि शहरातली हवाच तपासायला घेतली. १९५० च्या सुमारास त्यांनी दाखवून दिलं, की मोटारी आणि तेल कारखान्यांतून निघणाऱ्या इंधनाच्या वाफा आणि नायट्रोजन ऑक्साईडं यांच्यावर कडक ऊन पडलं, की त्यातून ओझोन आणि डोळे झोंबवणारं धुरकं तयार होतं. ओझोन ओळखण्यासाठी ते वाकवलेल्या रबराच्या पट्ट्या वापरत. ओझोनने रबराला चिरा पडतात. किती साधी युक्ती, नाही का?

अनेकांना हे पटलं नाही. शहराचा धूर आणि आपली लाडकी मोटार यांचा संबंध कोण मान्य करणार? पण पुरावा पक्का होता. पुढे मोटारींच्या धुरावर नियम आले आणि १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला अमेरिकन गाड्यांमध्ये ही धूरझडप दिसू लागली. आपल्याकडे भारत स्टेज नावाचे नियम टप्प्याटप्प्याने कडक होत गेले. डिझेल मोटारीने किलोमीटरमागे किती नायट्रोजन ऑक्साईड सोडावं, याची मर्यादा भारत स्टेज ४ मध्ये ०.२५ ग्रॅम होती. १ एप्रिल २०२० पासून लागू झालेल्या भारत स्टेज ६ मध्ये ती ०.०८ ग्रॅमवर आली. म्हणजे तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी!

खबर मिळाली, चोर सापडला नाही

आता पुन्हा गॅरेजमध्ये येऊ. मला वाटलं होतं, मिस्त्री लगेच पाना घेऊन झडप खोलतील. छे! त्यांनी आधी काकांना बसवलं, चहा दिला आणि डॉक्टरांसारखे प्रश्न विचारायला सुरुवात केली. धूर काळा की पांढरा? नेहमी येतो की चढालाच? गाडी उभी असताना थरथरते का? दिवा कधीपासून लागतो?

"काळा धूर म्हंजी डिझेलला हवा कमी पडतीया," मिस्त्री मला म्हणाले. "पर हवा कमी पडायची कारणं धा असत्यात, बाई. एकदम झडपेवर आळ घ्यायचा न्हाई."

आधी त्यांनी एअर फिल्टर काढून उजेडात धरला. तो बरा होता. मग टर्बोपासून इंजिनाकडे जाणारा रबरी पाईप कुठे फाटला आहे का, ते हाताने चाचपून पाहिलं. तोही धड होता. मग ताईने स्कॅनर आणला. गाडीच्या स्टिअरिंगखाली एक खाच असते, तिथे त्याची वायर लावली. पडद्यावर अक्षरं उमटली: पी ०४०२.

मी वहीत लगेच लिहून घेतलं. तुम्हीही घ्या. 'पी' म्हणजे इंजिन आणि गिअरच्या गटातला बिघाड. त्यापुढचं शून्य म्हणजे हा कोड सगळ्या कंपन्यांच्या गाड्यांना सारखाच. ४ हा आकडा धूर आणि प्रदूषण रोखणाऱ्या यंत्रणेचा. आणि पी ०४०२ चा अर्थ, परत फिरणारा धूर जरुरीपेक्षा जास्त. याच्या उलट पी ०४०१ आला, तर परत फिरणारा धूर कमी पडतोय, म्हणजे झडप मिटून बसली आहे किंवा वाट तुंबली आहे.

"मग चोर सापडला!" मी म्हटलं.

मिस्त्री हसले. "कोड म्हंजी शेजाऱ्यानं दिलेली खबर, बाई. चोर त्यो न्हाई दावत. त्यो आपुनच धरायचा."

मग त्यांनी इंजिन चालू ठेवून स्कॅनरवर दोन आकडे शेजारीशेजारी लावले. पहिला आकडा म्हणजे संगणकाने झडपेला दिलेला हुकूम. दुसरा म्हणजे झडप प्रत्यक्षात किती उघडी आहे ते. हुकूम होता शून्य टक्के, म्हणजे पूर्ण बंद. झडप सांगत होती अठरा टक्के! मास्तर म्हणतात 'दार लाव' आणि पोरगा दारात तसाच उभा. मिस्त्रींनी झडपेची वायर काढून जोडणी तपासली. पिना स्वच्छ होत्या, वीज नीट येत होती. म्हणजे दोष वायरीत नव्हता, झडपेतच होता.

घाटात इंजिनाला हवी होती ताजी हवा, आणि उघड्या राहिलेल्या दारातून आत येत होता धूर. डिझेल अर्धवट जळत होतं. म्हणून जोर नाही, म्हणून काळा लोट. आलं ना सगळं जुळून?

काजळीची आंघोळ

इंजिन पूर्ण गार होईपर्यंत कुणी हात लावला नाही. मग ताईने बॅटरीची वजा बाजूची वायर काढली, जाड हातमोजे घातले, डोळ्यांवर चष्मा लावला. गोटी पान्याने एकेक बोल्ट सैल केला. बोल्ट कुठला कुठे होता हे विसरू नये म्हणून एका पुठ्ठ्याला भोकं पाडून ते त्यात ओळीने खोवून ठेवले. मला ही पद्धत फार आवडली. आमच्या वर्गात खडूसुद्धा जागेवर सापडत नाही!

झडप बाहेर आली, आणि काय सांगू तुम्हाला? आतमध्ये नुसता काळाकुट्ट लगदा. पूर्वी चुलीवरच्या भांड्यांच्या बुडाला काजळी धरायची, तशी, पण तेलकट आणि चिकट. धुरातली काजळी आणि इंजिनाच्या आतून येणारी तेलाची वाफ यांची ती दाट खरपुडी. झडपेच्या दांड्याभोवती आणि ती जिथे टेकते त्या कड्यावर तिचा थर चढला होता. झडप मिटणार तरी कशी? दारात दगड अडकल्यावर दार लागतं का?

आता धुण्याची रीत ऐका. ताईने आधी इंजिनाच्या उघड्या तोंडात स्वच्छ फडका कोंबला, म्हणजे काजळीचा खडा आत पडायला नको. झडपेची मोटार असलेली बाजू वर धरली, कारण तिच्यात साफ करायचं द्रावण गेलं तर ती कायमची बाद. मग काजळीवर कार्बोरेटर क्लीनरचा फवारा मारून दहा मिनिटं थांबली. काजळी मऊ झाल्यावर जुन्या टूथब्रशने घासायला लागली. खरडायला स्क्रू ड्रायव्हर? मुळीच नाही! कड्यावर ओरखडा पडला, तर झडप पुन्हा कधीच घट्ट बसत नाही. दांडा हाताने जोर लावून ढकलायचाही नाही, कारण मोटारीच्या आतल्या दातेरी चकत्या नाजूक असतात.

हा फवारा ज्वालाग्राही असतो आणि त्याची वाफही वाईट. म्हणून हे सगळं काम उघड्यावर, वाऱ्यात, विस्तवापासून लांब चाललं होतं. तेव्हा मित्रांनो, हे वाचून बाबांच्या गाडीचं बॉनेट उघडायला धावू नका बरं का! पाहायचं, विचारायचं, वहीत लिहायचं. हात लावायचा तो शिकून आणि मोठ्यांच्या देखरेखीखाली.

चार वेळा फवारा, चार वेळा घासणं. फडके काळे झाले आणि झडप चकाकली. दोन्ही बाजूंच्या जागा पुसून, जुनी पॅकिंग टाकून नवी बसवली. बोल्ट एकदम एका बाजूने न आवळता समोरासमोरचे थोडे थोडे आवळले. बॅटरी जोडली. कोड पुसला. स्कॅनरने झडपेला हुकूम दिला, उघड. कर्रर्र! उघडली. मीट. कर्रर्र... खट्! आकडा थांबला सहावर. पुन्हा हुकूम. पुन्हा सहा.

काजळी गेली, पण दार काही पुरतं लागेना.

नवी झडप आणि तिची शिकवणी

मिस्त्रींनी झडप पुन्हा उतरवली आणि तिच्या डोक्यावरचं झाकण उघडलं. आत प्लॅस्टिकच्या दातेरी चकतीचे दोन दात तुटले होते. काजळीने अडकलेला दांडा ओढून ओढून बिचारी मोटार थकली आणि चकतीने दात गमावले. आता धुऊन उपयोग नाही. नवी झडप हवी. आणि तिची किंमत काही हजारांत.

गॅरेजमध्ये कुणी काही बोललं नाही. काका टोपी काढून नुसते डोकं खाजवत होते. शेवटी ते हळूच म्हणाले, "मिस्त्री, त्यो गडी प्लेट मारून देतो म्हनला हुता. लई पैशाची बचत हुईल."

मिस्त्री रागावले नाहीत. हात पुसत म्हणाले, "खोटं न्हाई बोलला त्यो. प्लेट मारली की धुराची वाट बंद. गाडी पळंल. काळा धूर बी कमी हुईल. पीयूसी बी पास हुईल."

मी चमकले. पीयूसी पास होईल? ताईने समजावलं. डिझेल गाडीच्या पीयूसी तपासणीत धुराचा काळेपणा मोजतात. नायट्रोजन ऑक्साईडं त्यात मोजलीच जात नाहीत. प्लेट मारल्यावर इंजिनाचं विसण बंद. आच वाढली, की ही ऑक्साईडं वाढणार. पण त्यातलं नायट्रिक ऑक्साईड बिनरंगी. ते सायलेन्सरमधून निघताना कुणालाच दिसत नाही. काळा धूर दिसतो म्हणून आपण नाक तरी झाकतो. हा न दिसणारा वायू मात्र गुपचूप नाकात शिरतो.

परीक्षेत नक्कल करून पास होण्यासारखंच हे. आणि अशी नक्कल फक्त छोट्या गॅरेजात होते असं समजू नका. २०१५ साली अमेरिकेच्या पर्यावरण संरक्षण संस्थेने फोक्सवॅगन या बड्या जर्मन कंपनीची लबाडी उघड केली. गाडी तपासणीच्या यंत्रावर आहे की रस्त्यावर, हे ओळखणारं सॉफ्टवेअर त्यांनी डिझेल गाड्यांत घातलं होतं. तपासणीत गाडी साळसूद, आणि रस्त्यावर काही गाड्या नायट्रोजन ऑक्साईडं सोडत मर्यादेच्या ४० पटींपर्यंत! जगभरातल्या सुमारे १ कोटी १० लाख गाड्यांत हे सॉफ्टवेअर होतं. कंपनीला अब्जावधी डॉलरचा भुर्दंड पडला.

मिस्त्री काकांना म्हणाले, "गाडी तुमची. तुमी म्हनाल तसं. पर सकाळी शाळंच्या दारात तुमी गाडी लावता, तवा सायलेन्सर कुनाच्या तोंडाम्होरं असतो, त्ये बघा."

खरंच की! व्हॅनचा सायलेन्सर जमिनीपासून दीड-दोन फुटांवर. पहिलीतल्या मुलाचं नाक तिथून कितीसं वर? मला ओढणी नाकाला लावून उभी राहिलेली ती मुलगी आठवली. काकांनाही तीच आठवली असावी. ते म्हणाले, "घाला नवी. पैसं दोन हप्त्यात दिलं तर चालंल का?" मिस्त्रींनी मान हलवली.

नवी झडप दुसऱ्या दिवशी साताऱ्याहून आली. ताईने आधी जुन्या आणि नव्या झडपेवरचा नंबर ताडून पाहिला. दिसायला सारख्या असल्या, तरी नंबर वेगळा असला तर संगणक तिला ओळखत नाही. कूलरची आणि मॅनिफोल्डची वाटही साफ केली, नाहीतर नव्या झडपेची पुन्हा तीच गत. पॅकिंग नवी, बोल्ट समोरासमोरचे. आणि मग गंमत! नव्या झडपेची शिकवणी घ्यावी लागते. स्कॅनरमधून संगणकाला शिकवायचं, की ही झडप पूर्ण मिटली म्हणजे इथे, आणि पूर्ण उघडली म्हणजे तिथे. अगदी पहिलीच्या वर्गात 'डावा हात, उजवा हात' शिकवतात तसं. शिकवणी झाली. हुकूम शून्य, झडप शून्य. पिवळा दिवा गुल!

मिस्त्री स्वतः गाडी घेऊन थोडा चढ चढून आले आणि परत आल्यावर पुन्हा स्कॅनर लावला. कोड नाही. "आता धरला चोर," ते म्हणाले.

मग आपण काय करायचं?

निघताना मी मिस्त्रींना विचारलं, "झडप पुन्हा तुंबू नये म्हणून काय करायचं?"

त्यांनी बोटं मोजली. एअर फिल्टर आणि ऑईल वेळेवर बदला. दिवा लागला, की महिनाभर वाट पाहू नका. गाडी कायम गल्लीबोळातच रांगत असेल, तर कधी तरी मोकळ्या रस्त्यावर नीट चालवा, म्हणजे इंजिन चांगलं तापतं आणि काजळी कमी धरते. आणि सगळ्यात सोपं, शाळेच्या दारात इंजिन चालू ठेवून उभे राहू नका. उभ्या गाडीत इंजिन थंड-थंडच जळतं आणि काजळी वाढवतं. डिझेलही फुकट जातं.

ही शेवटची गोष्ट तर तुम्हीही करू शकता! व्हॅन, रिक्षा, एसटी नाहीतर बाबांची गाडी शाळेबाहेर उभी राहिली आणि इंजिन धडधडत असलं, तर जवळ जाऊन नम्रपणे म्हणा, "काका, बंद करता का थोडा वेळ?" आमच्या शाळेतल्या चौथीच्या मुलांनी हे काम पाळीपाळीने वाटून घेतलं आहे. पहिल्या दिवशी काही ड्रायव्हर हसले. आता मुलं दिसली, की आपणहून किल्ली फिरवतात.

आणि घरी एक प्रयोगही करून बघा, मात्र मोठं माणूस शेजारी हवं. एका उंच पेल्यात दोन चमचे खायचा सोडा घ्या. त्यावर लिंबाचा रस पिळा. फसफसून कार्बन डायऑक्साईड निघेल. फेस बसला, की पेला पेटत्या पणतीवर अलगद तिरका करा. रस सांडू द्यायचा नाही, फक्त न दिसणारा वायू ओतायचा. ज्योत आधी बारीक होईल आणि मग विझेल. जळून गेलेला धूर आगीचा जोर कसा उतरवतो, ते तुम्हाला कळेल. इंजिनात हेच करायचं, पण ज्योत विझू न देता, मोजून मापून. जास्त झालं तर आमची घाटातली गत होते. अजिबात नसलं तर न दिसणारा वायू नाकात जातो. विसण घालायलाही अक्कल लागते ती अशी!

हो, आणि सहलीचं काय झालं? पंधरा दिवसांनी आम्ही पुन्हा निघालो. पसरणीच्या घाटात त्याच वळणावर सगळी मुलं गप्प होऊन मागे बघत होती. मागे रस्ता दिसत होता, कठडा दिसत होता, खाली वाईची घरं दिसत होती. धूर मात्र दिसत नव्हता. "बाई, बोला बोला, 'म' आला!" कुणीतरी ओरडलं आणि भेंड्या पुन्हा सुरू झाल्या. ओढणीवाली मुलगी ह्या वेळी खिडकीपाशी बसली होती. टेबल लँडवर सगळ्यात आधी तीच उतरली.